साथीला बसलेला म्होरक्या

नाटककार राम गणेश गडकरी 23 जानेवारी 1919 रोजी सावनेरला वारले. वय अवघे तेहेतीस. ‘भावबंधन’ त्यांनी शेवटच्या आजारपणात पुरे केले, ‘राजसंन्यास’ अपुरेच राहिले आणि ‘एकच प्याला’ रंगमंचावर आलेले त्यांनी पाहिले नाही. त्यानंतर चारच आठवड्यांनी, 20 फेब्रुवारीला, बडोद्याला गंधर्व नाटक मंडळीने ‘एकच प्याला’चा पहिला प्रयोग केला. सिंधू झाले बालगंधर्व, सुधाकर झाले गणपतराव बोडस. एवढे मराठी माणसाला शाळेपासून ठाऊक असते, आणि सावनेरकरांना तर अंमळ जास्तच.

पण त्या नाटकातल्या गाण्यांकडे पाहिले की वेगळाच प्रश्न उभा राहतो. नाटक गडकऱ्यांचे, पदे मात्र विठ्ठल सीताराम गुर्जरांची. त्या पदांच्या चालींमागे सुंदराबाई जाधव, गळा बालगंधर्वांचा. लेखक एक, पदकर्ता दुसरा, चाल देणारी तिसरी, गाणारा चौथा. या सगळ्यांना प्रयोगाच्या रात्री एका सुरात, एका लयीत कोण बांधून ठेवत होते? पद कुठल्या क्षणी सुरू करायचे, आलाप कुठे आवरता घ्यायचा, वन्समोअर आल्यावर कुठल्या ओळीपासून पुन्हा उचलायचे, याची सूत्रे कोणाच्या हातात होती?

पाश्चात्त्य संगीतात या माणसाची जागा ठरलेली आहे. तो वादकांसमोर उभा राहतो, प्रेक्षकांकडे त्याची पाठ असते, हातात छडी असते आणि कार्यक्रमपत्रिकेत त्याचे नाव ठळक छापलेले असते. आपल्याकडे हा माणूस होता, अजूनही आहे, पण तो उभा नव्हता. तो वादकांमध्येच बसलेला होता. वाद्यवृंदाचा मराठी म्होरक्या साथीदाराच्या जागेवरून उठून आला. त्याची वंशावळ लावू लागलो की वऱ्हाड-नागपूरकडची दोन माणसे वाटेत ठळकपणे भेटतात. हा मागोवा त्यासाठीच.

संगीत नाटकाचा जन्म आपण 31 ऑक्टोबर 1880 हा मानतो. त्या दिवशी पुण्यात अण्णासाहेब किर्लोस्करांचे ‘शाकुंतल’ झाले. सुरुवातीला साथीला तबला आणि सारंगी. मग हार्मोनियम आली, आणि तिच्या मागोमाग पायाने भाता हलवायचा ऑर्गन. ऑर्गनने एक मोठा बदल घडवला. भाता पायाकडे गेल्यामुळे वादकाचे दोन्ही हात मोकळे झाले. सूर भरघोस आणि अखंड मिळू लागला, नाट्यगृहाच्या शेवटच्या रांगेपर्यंत पोचू लागला. ध्वनिक्षेपक नसलेल्या त्या काळात ही साधी गोष्ट नव्हती.

ऑर्गनवाल्याचे काम नुसते साथीचे कधीच नव्हते. गद्य संवाद चालू असतानाच त्याला पुढच्या पदाची चाहूल ठेवावी लागे. नटाने शेवटचे वाक्य उच्चारताच पदाचे तोंड वाजवून पट्टी द्यायची. नट खोलवर गेला, तान लांबली, तर तबलजीला नजरेने सांगायचे. नटाचा गळा त्या रात्री बसलेला असेल तर पट्टी अर्ध्या सुराने उतरवायची, आणि हे प्रेक्षकाला कळू द्यायचे नाही. बालगंधर्वांच्या वैभवाच्या काळात तबल्यावर अहमदजान तिरखवाँ, सारंगीवर कादरबक्ष आणि ऑर्गनवर हरिभाऊ देशपांडे अशी नावे बसत. तिरखवाँसाहेब हे भारताच्या संगीतातले थोर तबलिये. पण नाटकात त्यांना पदाच्या मापात राहायचे असे. तिथे एक शिस्त होती, आणि ती शिस्त ऑर्गनच्या बाकावरून चालत असे.

या बाकावरून संगीतकार कसा उठला हे पाहायचे तर गोविंदराव टेंबे यांच्याकडे पाहावे. कोल्हापूरचा हा असामान्य हार्मोनियमवादक. भास्करबुवा बखल्यांसारख्या गवयांच्या सहवासात वाढलेला. 1911 साली किर्लोस्कर मंडळीच्या ‘मानापमान’ला त्यांनी चाली दिल्या. त्यापूर्वी नाटकातल्या चाली बहुधा आधीच्या एखाद्या पदावरून, चिजेवरून, लावणीवरून बेतलेल्या असत. पदाच्या डोक्यावर ‘चाल : अमुक’ असे छापलेलेही असे. टेंब्यांनी एका संपूर्ण नाटकाचा विचार एका संगीतकाराच्या नजरेने केला. धैर्यधराची पदे वेगळी, भामिनीची वेगळी, तरी नाटक एकच. पुढे तेच ‘अयोध्येचा राजा’ या 1932 सालच्या पहिल्या मराठी बोलपटाचे संगीतकार झाले आणि त्यात हरिश्चंद्रही झाले. पेटीवर बसणारा माणूस चालकार, मग कंपनीचा मालक, मग बोलपटाचा संगीत दिग्दर्शक: हा प्रवास एका माणसाने एकाच हयातीत केला.

आणि नेमक्या याच सुमारास, गडकऱ्यांचा अंत ज्या काळात झाला त्याच काळात, सातपुड्याच्या पलीकडे मैहर संस्थानात उस्ताद अल्लाउद्दीन खाँ वेगळाच प्रयोग करत होते. 1918 च्या इन्फ्लुएन्झाच्या साथीत अनाथ झालेली मुले त्यांनी गोळा केली आणि त्यांना वाद्ये शिकवून मैहर बँड उभा केला. बंदुकीच्या नळ्या कापून त्यांनी नलतरंग बनवले. देशी राग, देशी तालीम, पण समोर वीसेक वाद्ये आणि त्या सगळ्यांची जबाबदारी घेणारा एक गुरू. या देशात वाद्यवृंद उभारण्याची ही एक वाट. दुसरी वाट छावण्यांची. नागपूरजवळच्या कामठीला 1821 पासून लष्करी छावणी होती, आणि छावणी म्हटली की बँड आला, बँडमास्तर आला. गणवेश, पितळी वाद्ये, कागदावर लिहिलेले सूर. लग्नाच्या वरातीतले बँड या छावण्यांकडेच पाहत वाढले. वरातीतला बँडमास्तर क्लॅरिनेट वाजवतो आणि त्याच वाद्याच्या टोकाने खुणा करतो. म्हणजे इथेही वाजवता वाजवताच पुढारपण करायचे.

बँडची ताकद आपल्या संगीतकारांनी ओळखली होती याचा एक पुरावा सांगतो. ‘वंदे मातरम्’ राष्ट्रगीत व्हावे म्हणून मास्टर कृष्णराव फुलंब्रीकरांनी जिवापाड खटपट केली. आक्षेप असा होता की हे गीत बँडवर वाजवता येणार नाही. भास्करबुवांच्या या शिष्याने झिंझोटीत त्याची चाल बांधली, बँडसाठी ती बसवून घेतली आणि दिल्लीला जाऊन प्रात्यक्षिक दाखवले. निर्णय त्यांच्या मनासारखा झाला नाही. पण ख्यालाच्या बैठकीत वाढलेला गवई बँडच्या लिपीशी झुंजायला उतरला, ही गोष्ट मला फार मोठी वाटते.

आता त्या दोघांपैकी पहिला, अमरावतीचा.

केशवराव भोळे 1896 साली अमरावतीला जन्मले. वर सांगितलेल्या वंशावळीत ते थोडे वेगळे बसतात, कारण ते साथीदार म्हणून मोठे झालेले नव्हते; ते श्रोता आणि समीक्षक म्हणून घडले. ‘एकलव्य’ या नावाने त्यांनी गवयांवर लिहिले, ‘शुद्ध सारंग’ या नावानेही लिहिले. ऐकण्याची त्यांची पद्धत चिकित्सक होती, आणि संगीतकार झाल्यावर तीच कामी आली. 1 जुलै 1933 रोजी नाट्यमन्वंतरने मुंबईत ‘आंधळ्यांची शाळा’ केले. नॉर्वेजियन नाटककार ब्यर्नसनच्या नाटकावरून श्री. वि. वर्तकांनी लिहिलेले हे नाटक. स्त्रियांच्या भूमिका स्त्रियांनीच केल्या. त्यांत ज्योत्स्ना भोळे होत्या. पदे मोजकी, भावगीतासारखी, प्रसंगाच्या पोटातून आलेली. बालगंधर्वांच्या रात्रभर चालणाऱ्या गाण्यांची सवय असलेल्या प्रेक्षकाला हा धक्काच होता.

मग भोळे प्रभातमध्ये गेले. ‘अमृतमंथन’ 1934, ‘संत तुकाराम’ 1936, ‘कुंकू’ 1937. इथे तीन वेगळ्या चित्रपटांत त्यांनी तीन वेगळे निर्णय घेतले, आणि प्रत्येक निर्णय हा वाद्यवृंदाच्या म्होरक्याचा आहे. ‘अमृतमंथन’च्या काळात त्यांनी पियानो, हवाईयन गिटार, व्हायोलिन ही वाद्ये मराठी गाण्याच्या पाठीशी आणली. ‘संत तुकारामा’त ते उलट दिशेने गेले: टाळ, मृदंग, वीणा, वारकऱ्यांचा गळा. शांताराम आठवल्यांनी चित्रपटासाठी रचलेला अभंग लोकांना तुकोबांचाच वाटला, यात शब्दांइतकाच चालीचा वाटा होता. आणि ‘कुंकू’त त्यांनी पार्श्वसंगीत ठेवलेच नाही. घड्याळ, रस्त्यावरचा आवाज, ग्रामोफोन, एवढेच. वाद्ये कुठे वाजू द्यायची नाहीत हे ठरवण्याचा अधिकार ज्याला असतो तो खरा म्होरक्या. हा अधिकार मराठी संगीतात पहिल्यांदा इतक्या स्पष्टपणे वापरला तो अमरावतीच्या माणसाने, असे माझे मत आहे. त्यांचे ‘माझे संगीत : रचना आणि दिग्दर्शन’ हे पुस्तक आज सहजी मिळत नाही, आणि संगीत शिकणाऱ्या मुलांना ते वाचायला दिले जात नाही याचे मला दुःख आहे.

याच वर्षांत तंत्रातही मोठी उलथापालथ होत होती. सुरुवातीच्या बोलपटांत नट कॅमेऱ्यासमोर प्रत्यक्ष गात असत आणि साथीदार चौकटीच्या बाहेर, झाडाआड, पडद्याआड बसलेले. तबलजी फार तर दोन-चार हातांवर, कारण सगळ्यांना एकच मायक्रोफोन. अशा ठिकाणी वाद्ये वाढवायची तरी कशी? 1935 च्या आसपास गाणे आधी ध्वनिमुद्रित करून नंतर त्यावर ओठ हलवण्याची पद्धत रुळू लागली, आणि वादक कॅमेऱ्याच्या जाचातून सुटले. चारचे दहा झाले, दहाचे चाळीस. चाळीस माणसांना नजरेच्या खुणेने चालवता येत नाही. कोणाला तरी लिहून द्यावे लागते आणि कोणाला तरी समोर उभे राहावे लागते. अरेंजर हा माणूस मुंबईच्या स्टुडिओत या गरजेतून आला.

लिहून देणारी माणसे गोव्याहून आली. चर्चला जोडलेल्या शाळांतून मेस्त्री, म्हणजे संगीतशिक्षक, मुलांना सोल्फा आणि व्हायोलिन शिकवत. पिढ्यान् पिढ्या पाच रेघांवरचे सूर वाचू शकणारे हात त्या मातीत तयार होते. अँथनी गोन्साल्विस, सेबास्टियन डिसोझा, चिक चॉकलेट म्हणून ओळखले जाणारे अँटोनियो झेवियर वाझ, फ्रँक फर्नांड. माजोर्ड्याच्या गोन्साल्विसांनी 1958 साली मुंबईत भारतीय वादकांचा सिम्फनी ऑर्केस्ट्रा उभा केला आणि सेंट झेवियर्स कॉलेजच्या आवारात लता मंगेशकर आणि मन्ना डे यांना घेऊन कार्यक्रम केला. रागसंगीत आणि पाश्चात्त्य वाद्यवृंद यांचा मेळ घालायचे त्यांचे स्वप्न होते. ते फार चालले नाही. पुढे ते अमेरिकेला गेले. त्यांचे शिष्य प्यारेलाल यांनी 1977 साली एका गाण्यात गुरूचे नाव गुंफले, तेव्हा ते नाव देशभर पोचले. पण हे नाव खरोखरच्या माणसाचे आहे हे गाणाऱ्या कोट्यवधींना कुठे माहीत होते?

गोव्याचे हे लिहिणारे हात ज्या मराठी संगीतकाराने सर्वांत मोकळेपणाने स्वतःच्या चालींत मिसळून घेतले, तो नागपुरात शिकलेला होता. रामचंद्र नरहर चितळकर, म्हणजे सी. रामचंद्र. जन्म 1918 चा, नगर जिल्ह्यातल्या पुणतांब्याचा. नागपुरात शंकरराव सप्रे यांच्या श्रीराम संगीत विद्यालयात त्यांनी गाण्याचे धडे घेतले. नंतर पुण्यात विनायकबुवा पटवर्धनांकडे. सप्रेगुरुजींच्या त्याच वर्गातून मूर्तिजापूरचे वसंतराव देशपांडे घडले. एकाच गुरूच्या हाताखालून दोन मुले निघाली. एक ‘कट्यार काळजात घुसली’चा खाँसाहेब झाला, दुसरा ‘अलबेला’चा संगीतकार. दोघांच्या वाटा इतक्या दूर गेल्या की त्यांचा उगम नागपुरातल्या एका गायनवर्गात आहे हे सांगितल्यावर लोक चकित होतात. वसंतरावांच्या नावाने नागपुरात सभागृह आहे, आणि ते योग्यच आहे. सप्रेगुरुजींचे नाव मात्र जाणकारांच्या बैठकीबाहेर ऐकू येत नाही.

चितळकर आधी नट व्हायला गेले. ‘नागानंद’ नावाच्या चित्रपटात नायक झाले, चित्रपट चालला नाही. मग मिनर्व्हा मूव्हीटोनमध्ये पेटी वाजवायला लागले. पुन्हा पेटीच! टेंब्यांपासून चितळकरांपर्यंत वंशावळीचा धागा असा अखंड येतो. संगीतकारांच्या हाताखाली साथ करता करता त्यांनी गाणे कसे बांधले जाते हे आतून पाहिले. पहिली संधी तमिळ चित्रपटांत मिळाली. मग भगवान पालव यांच्याबरोबर ‘सुखी जीवन’, 1947 साली ‘शहनाई’, 1951 साली ‘अलबेला’. ‘अलबेला’त चिक चॉकलेट आणि त्यांचा बँड पडद्यावरच दिसतो. वादकांना पडद्यावर आणण्याचे हे धाडस मला आजही आवडते. बोंगो, ट्रंपेट, क्लॅरिनेट, सॅक्सोफोन यांचा धुमाकूळ. आणि त्याच संगीतकाराने दोन वर्षांनी ‘अनारकली’त दिलेले ते आर्त, संथ गाणे. 1955 च्या ‘आझाद’साठी महिन्याभरात गाणी हवी होती, घाईचे काम म्हणून नौशाद नको म्हणाले, चितळकरांनी केले. चाल ज्याच्या डोक्यात तयार असते आणि ती लिहून घेणारे, वाजवणारे हात ज्याच्यावर जीव टाकतात, त्यालाच हे जमते.

27 जानेवारी 1963. दिल्लीचे नॅशनल स्टेडियम. चीनच्या युद्धाची जखम ओली. प्रदीप यांचे शब्द, लता मंगेशकरांचा आवाज, संगीत सी. रामचंद्र यांचे. समोर पंडित नेहरू. ‘ए मेरे वतन के लोगों’ त्या दिवशी पहिल्यांदा गायले गेले. त्या गाण्याची वाद्ये नीट ऐका. आवाजाला वाट करून देत वाद्ये मागे सरकतात, कडव्यांच्या मधे हलकेच भरून येतात. ‘अलबेला’त ट्रंपेट मोकाट सोडणाऱ्याच माणसाचा हा संयम.

त्यांचे ‘माझ्या जीवनाची सरगम’ हे आत्मचरित्र 1977 साली आले आणि 5 जानेवारी 1982 रोजी ते गेले.   

रेडिओच्या बाबतीत एक निरीक्षण मांडतो. 1940 च्या मार्चपासून ऑल इंडिया रेडिओवर हार्मोनियमला बंदी होती, आणि ती तीस वर्षे टिकली. नागपूर आकाशवाणी केंद्र 16 जुलै 1948 रोजी सुरू झाले तेव्हाही ती लागूच होती. नाटकात जो माणूस पेटीवरून सगळ्यांना चालवत असे, त्याची जागाच रेडिओने काढून घेतली. मग सुगम संगीतात सूर धरायला पुढे आले व्हायोलिन. माझ्या मते, पुढच्या पिढीचे मराठी संयोजक व्हायोलिनवादकांतून का आले याचे हे एक मोठे कारण असावे. प्रभाकर जोग पाहा. 1955 साली पुणे आकाशवाणीवर ‘गीतरामायण’ सुरू झाले आणि सुधीर फडक्यांबरोबर जोगांचे व्हायोलिन महाराष्ट्रभर फिरले; फडक्यांची गाणी लिहून घेणे, वादकांना देणे, बसवून घेणे हे काम जोगांनी वर्षानुवर्षे केले आणि स्वतःही सुंदर चाली दिल्या. अनिल मोहिले हेही व्हायोलिनवाले. अरुण पौडवालांबरोबर ‘अनिल-अरुण’ म्हणून त्यांनी ‘अष्टविनायक’सारख्या चित्रपटांना संगीत दिले, आणि लताबाईंच्या रंगमंचावरच्या कार्यक्रमांत वादकांसमोर उभे राहून हात हलवणारे तेच. टेंब्यांच्या काळी बसलेला माणूस मोहिल्यांपर्यंत येताना अखेर उभा राहिला.

आता पुन्हा सावनेरकडे, कारण या वंशावळीची खालची फांदी अशाच गावांत वाढली.

सावनेर हे नाक्याचे गाव. नागपूरहून येणारा रस्ता इथे फुटतो, एक पांढुर्णा-बैतूलकडे, दुसरा छिंदवाड्याकडे. कोलार नदी, कापूस, संत्री, कोळशाच्या खाणी, आणि वर्षानुवर्षे धावलेली छिंदवाड्याची नॅरोगेज गाडी. मराठी आणि हिंदी दोन्ही इथल्या बाजारात सहज चालतात. अशा गावात ऑर्केस्ट्रा म्हटले की सिम्फनी कोणाच्या मनात येत नाही. आपल्याकडे ऑर्केस्ट्रा म्हणजे गणपतीत, शारदोत्सवात चौकात मांडव घालून, रात्री उशिरापर्यंत चालणारा चित्रपटगीतांचा कार्यक्रम. मुंबईत कल्याणजी वीरजी अँड पार्टीने, पुण्यात मेलडी मेकर्सने हा प्रकार लोकप्रिय केला, आणि साठ-सत्तरच्या दशकांत तो जिल्ह्याजिल्ह्यांत पसरला. नागपूरच्या वादकांनी सुपारी घ्यायची, जीपमध्ये नाहीतर मेटॅडोरमध्ये वाद्ये भरायची आणि काटोल, सावनेर, रामटेक, उमरेड करत फिरायचे.

या ऑर्केस्ट्राच्या संयोजकाचे काम ज्यांनी जवळून पाहिले नाही त्यांना ते नकलेचे वाटते. ते तसे नाही. मूळ रेकॉर्डवर पन्नास-साठ वाद्ये वाजलेली असतात. इथे आठ माणसे. रेकॉर्ड पुन्हा पुन्हा लावून आधी गाणे ‘उतरवायचे’: मुखड्याआधीचा पीस, पहिल्या अंतऱ्याआधीचा, दुसऱ्या अंतऱ्याआधीचा. मग ठरवायचे की वीस व्हायोलिनांची ओळ अ‍ॅकॉर्डियनला द्यायची की क्लॅरिनेटला. बासरीचा तुकडा गाळता येणार नाही, कारण लोक त्याचीच वाट पाहत असतात. मग बासरीवाला नसेल तर तो तुकडा सॅक्सोफोनवर हलका फुंकून काढायचा. गायकाची पट्टी मूळ गाण्याच्या पट्टीला जुळत नसेल तर सगळे पीस दीड सुराने खाली घ्यायचे, आणि खाली घेतल्यावर गिटारच्या मोकळ्या तारा कामाच्या राहत नाहीत म्हणून तिचे कॉर्ड बदलायचे. हे सगळे पाच रेघांवर नव्हे, तर शाळेच्या वहीत, सा रे ग म च्या अक्षरांत, वर-खाली टिंबे देऊन लिहायचे. साठ वाद्यांचा आशय आठ वाद्यांत उतरवणे ही रचनाच आहे. मी तिला संगीतकाराचेच काम मानतो.

आणि अशा संयोजकांनी केवळ उतरवलेली गाणी वाजवली असेही नाही. मंडळासाठी आरती हवी, कोण्या कवीच्या गवळणीला चाल हवी, निवडणुकीत प्रचारगीत हवे, तर तोच माणूस. आणि या भागात तर भीमगीतांची फार मोठी परंपरा. 14 ऑक्टोबर 1956 च्या धम्मदीक्षेनंतर नागपूर हे या गाण्यांचे माहेरच झाले. वामनदादा कर्डकांसारख्यांची गाणी आधी पेटी, ढोलकी आणि कोरसवर गायली जात; नागपूरच्या नागोराव पाटणकरांसारख्या कव्वालांनी त्यांना कव्वालीचा जोश दिला; पुढे त्यांना ऑर्केस्ट्राची वाद्ये मिळाली, कॅसेटी निघाल्या. कॅसेटच्या वेष्टनावर गायकाचा फोटो, गीतकाराचे नाव, कंपनीचे नाव. वाद्ये बसवणाऱ्याचे नाव सापडलेच तर आतल्या घडीत, मुंगीच्या अक्षरांत.

ऐंशीच्या दशकात कॅसिओ आला, मग ऑक्टोपॅड. अ‍ॅकॉर्डियन गेले, व्हायोलिन गेले, क्लॅरिनेट वरातीपुरते उरले. एका कीबोर्डवर सगळ्या वाद्यांचे आवाज निघू लागल्यावर आठांचे पाच झाले, पाचांचे तीन. आता तर तयार ट्रॅक लावून एकटा गायक कार्यक्रम करतो. खर्च वाचतो, हे खरे. चौकातल्या मंडळाला आठ माणसांची बिदागी, जेवण आणि गाडीभाडे परवडत नाही हेही खरे. पण ट्रॅक थांबत नाही. गायकाला ठसका लागला, समोरच्या आजीबाईंनी शेवटचे कडवे पुन्हा मागितले, तर ट्रॅकला ते कळत नाही. ऑर्गनच्या बाकावर बसलेल्या माणसाला कळत असे.

झाडीपट्टीत मात्र ते अजून कळते. गडचिरोली, चंद्रपूर, भंडारा, गोंदिया भागात दिवाळीनंतर जी नाटके सुरू होतात, त्यांत वादक आजही रंगमंचाच्या पुढ्यात बसतात. वडसा म्हणजे देसाईगंज हे त्यांचे ठाणे. नटाच्या तोंडून शेवटचा शब्द निघताच पदाचे तोंड वाजते, आणि वन्समोअर आला की पुन्हा उचलले जाते. वाद्ये बदलली, कीबोर्ड आणि ऑक्टोपॅड आले. बैठक तीच. ‘एकच प्याला’च्या रात्री जी जागा होती ती महाराष्ट्रात टिकून राहिलेली पाहायची असेल तर पूर्व विदर्भात जावे लागते. नाट्यसंगीताचे अभ्यासक तिकडे क्वचितच फिरकतात, ही चूक सुधारायला हवी.

गडकऱ्यांनी जिथे देह ठेवला त्या गावाने 23 जानेवारीला त्यांचे स्मरण करावे, नाट्यपदे गावीत, यात काही नवे सांगायला नको. मला एवढेच मागायचे आहे की त्या दिवशी आणि एरवीही, गावोगावच्या मंडळांनी निमंत्रणपत्रिकेवर गायकाच्या नावाखाली वाद्यसंयोजकाचे आणि प्रत्येक साथीदाराचे नाव छापावे, गायकाच्याच आकाराच्या अक्षरांत. दुसरी विनंती नागपूर, सावनेर, काटोल, कामठीकडच्या घरांना. तुमच्या घरात कोणी ऑर्केस्ट्रा चालवला असेल, बँड चालवला असेल, नाटकाला पेटी वाजवली असेल, तर माळ्यावर त्यांच्या सरगम लिहिलेल्या वह्या असतील. त्या रद्दीत देऊ नका. पहिल्या पानावर वाजवणाऱ्याचे नाव, गाव आणि साल लिहा, आणि विदर्भ साहित्य संघाच्या किंवा विदर्भ संशोधन मंडळाच्या दारात नेऊन विचारा की हे तुम्ही सांभाळाल का.